जुने अमेरिकन व्हरायटी शो : ऑर्केस्ट्रा ऐकू येतो, दिसत का नाही?

पेटीमास्तर

हल्ली यूट्यूबवर १९४८ ते ६० च्या दरम्यानचे अमेरिकन व्हरायटी शो (गाणी, विनोद, कसरती सगळ्याची मिसळ) बघायचा नाद लागलाय. मिल्टन बर्ल, एड सलिव्हन, सिड सीझर ही शो चालवणारी मंडळी. विनोद अर्धे कळतात, अर्धे डोक्यावरून जातात, पण एक गोष्ट सारखी जाणवते की मागे अख्खा ऑर्केस्ट्रा दणकून वाजतोय आणि पडद्यावर तो जवळपास कधीच दिसत नाही. कुत्र्यांच्या कसरती असोत, ऑपेराची गायिका असो, नाहीतर बर्ल बाईचा झगा घालून तोंडावर आपटलेला असो, बरोब्बर त्याच क्षणी ड्रमचा तडाखा पडतो. आणि हे सगळं लाइव्ह बरं का, कारण व्हिडिओ टेप १९५६ पर्यंत नव्हतीच, जे झालं ते थेट लोकांच्या घरात.

थोडं वाचलंय ते टाकतो. बर्लचा 'टेक्साको स्टार थिएटर' एनबीसी या टीव्ही नेटवर्कवर ८ जून १९४८ ला सुरू झाला, त्याचा ऑर्केस्ट्रा ॲलन रॉथ सांभाळायचा. सलिव्हनचा शो (तेव्हाचं नाव 'टोस्ट ऑफ द टाउन') २० जूनला सीबीएस या दुसऱ्या नेटवर्कवर, तिथे ऑर्केस्ट्राला रे ब्लॉक, आणि हा गृहस्थ थेट १९७१ ला शो बंद होईपर्यंत तिथेच होता. आता दोन्ही शो १९४८ च्याच जूनमध्ये का? तर त्याच वर्षी मार्चपर्यंत टीव्हीवर लाइव्ह संगीत वाजवायला बंदी होती. आणि ती सरकारने घातलेली नाही, वादकांच्याच युनियनने घातलेली!

जाणकारांनी भर घालावी. मला मुख्य उत्सुकता ही की हे लोक बसायचे कुठे, आणि ऐनवेळी काही बदललं तर निभावायचे कसं.

खारेदाणे

वाचतेय. पण युनियनच आपल्या माणसांना काम करू नका म्हणते हे काही झेपलं नाही.

गिरणगावकर

खारेदाणे, झेपेल, थांबा. युनियनचं नाव अमेरिकन फेडरेशन ऑफ म्युझिशियन्स आणि अध्यक्ष जेम्स सीझर पेट्रिलो. शिकागोचा माणूस, मुळात ट्रम्पेटवाला, जंतूंची इतकी भीती की हात मिळवायचा म्हटलं तर फक्त करंगळी पुढे करायचा. आता त्याच्या जागी उभं राहून बघा. मूकपट होते तेव्हा प्रत्येक थिएटरात वादक लागायचे. १९२७ नंतर बोलपट आले आणि हजारो वादक घरी बसले. मग रेकॉर्ड आल्या, रेडिओवाले एकदा पैसे देऊन तीच रेकॉर्ड शंभरदा वाजवायला लागले. म्हणून १९४२ ला त्याने रेकॉर्डिंगच बंद पाडलं, ते १९४४ पर्यंत चाललं. आणि टीव्ही यायला लागल्यावर १९४५ च्या फेब्रुवारीत सांगून टाकलं की पैशाचं नीट ठरेपर्यंत आमचा एकही सभासद कॅमेऱ्यासमोर वाजवणार नाही. दोनदा पोळलेला माणूस तिसऱ्यांदा सावध होणारच ना. वर्तमानपत्रांनी त्याला हुकूमशहा वगैरे ठरवला पण मला तरी त्याचं गणित चुकीचं वाटत नाही.

या बंदीच्या काळात एनबीसीने 'अवर ग्लास' नावाचा तासाभराचा व्हरायटी शो काढला होता, १९४६-४७ ला. त्यात गाणाऱ्यांना रेकॉर्ड लावून नुसते ओठ हलवायला लागायचे. ज्याला लाइव्हची मजा म्हणतो ती तिथेच संपली.

मार्च १९४८ ला समझोता झाला आणि मग काय शर्यत लागली बघा. २० मार्चला सीबीएसने कंडक्टर युजीन ऑरमांडी आणि फिलाडेल्फिया ऑर्केस्ट्रा दाखवला आणि एनबीसीने त्याच दिवशी त्यांचा कंडक्टर टोस्कानिनी, न्यूयॉर्कच्या रॉकफेलर सेंटरमधल्या ८-एच स्टुडिओतून, सगळं संगीत वाग्नरचं. सीबीएसने दीड तासाने बाजी मारली. टीव्हीवरचा पहिला सिंफनी ऑर्केस्ट्रा कोणाचा, तर दीड तासाच्या फरकाने ऑरमांडीचा!

अवांतर : याच पेट्रिलोने १९५४ च्या युनियनच्या अधिवेशनात ट्रम्पेट वाजवली आणि पियानोवर साथीला होते माजी राष्ट्राध्यक्ष ट्रूमन.

मंद्रसप्तक

मास्तर, धागा आवडला. मी व्हायोलिन शिकले आणि काही वर्षं नाटकांच्या पिटात वाजवलंय त्यामुळे हा विषय जवळचा.

बसायचे कुठे याचं उत्तर म्हणजे जिथे जागा उरेल तिथे. हे शो बरेचसे जुन्या नाट्यगृहांतून व्हायचे. सलिव्हनचं थिएटर ब्रॉडवेवर ५३ व्या रस्त्यापाशी, सीबीएस त्याला स्टुडिओ ५० म्हणायची, १९६७ ला त्यालाच एड सलिव्हन थिएटर नाव दिलं. सिड सीझरचा 'युअर शो ऑफ शोज' न्यूयॉर्कच्याच कोलंबस सर्कलच्या इंटरनॅशनल थिएटरमधून. आता नाट्यगृहात ऑर्केस्ट्राची हक्काची जागा रंगमंचासमोरचा खड्डा, पण नेमकं तिथूनच कॅमेऱ्यांना पुढेमागे व्हायचं असतं. मग वादकांची रवानगी बाजूला, नाहीतर सेटच्या मागे. कंडक्टरला कलाकार थेट दिसेलच असं नाही, तो छोट्या मॉनिटरवर बघून हात हलवणार. ऑपेराच्या प्रक्षेपणात तर कधीकधी ऑर्केस्ट्रा वेगळ्याच स्टुडिओत असायचा आणि सेटवर कॅमेऱ्याच्या मागे उभा राहून एक सहायक गायकांना ताल दाखवायचा. गाणारीला वाटतंय ऑर्केस्ट्रा उशिरा येतोय, ऑर्केस्ट्राला वाटतंय ती पळतेय. हे मी छोट्या प्रमाणात भोगलंय, फार वाईट प्रकार असतो.

आणि ऐनवेळच्या बदलाचं म्हणाल तर सलिव्हनइतका छळ कोणी केला नसेल. रविवारी दुपारी प्रेक्षकांसमोर पूर्ण रंगीत तालीम व्हायची आणि ती बघून हा मनुष्य रात्रीच्या शोचा क्रम बदलायचा, कोणाची तीन मिनिटं कापायचा, कोणाला सरळ घरी पाठवायचा. कलाकाराला वाईट वाटतं ते दिसतं, पण खाली वादकांच्या स्टँडवर काय होत असेल? प्रत्येक वाद्याचे कागद हाताने लिहिलेले, झेरॉक्सचं मशीनच १९५९ ला आलं, त्यामुळे नवीन प्रती काढायचा प्रश्नच नाही. पेन्सिल घ्यायची, दुसरा अंतरा काट, कागदावरच्या 'सी' खुणेवरून थेट 'एफ' खुणेवर उडी, शेवट दोनदा, आणि रात्री आठ वाजता तेच वाचून पहिल्या फटक्यात बरोबर वाजवायचं.

त्यात सलिव्हनकडे पाहुणे किती तऱ्हेचे. एका तासात ब्रॉडवेचं गाणं, थाळ्या फिरवणारा, पियानिस्ट, अस्वलं. अस्वलाला ताल कळत नाही हो! अस्वल चेंडूवर चढायला वेळ घेतंय तोवर तेच चार बार (तालाचे तुकडे) घोळवत ठेवायचे आणि ते चढलं की त्याच क्षणी सूर चढवून शेवट करायचा. हे कागदावर लिहिता येत नाही. रे ब्लॉकला समीक्षकांनी कधी मोठा संगीतकार म्हटलं नाही, पण अशी तेवीस वर्षं काढणारा कंडक्टर माझ्या लेखी मोठाच.

पेटीमास्तर

मंद्रताई, एक नंबर प्रतिसाद.

बर्लच्या बाबतीत वाचलंय की तो तालमीला गळ्यात शिट्टी अडकवून फिरायचा आणि दिवे, कॅमेरा, ऑर्केस्ट्रा सगळ्यांनाच शिकवायचा. पण त्याला वादकांची किंमत कळत होती असं मला वाटतं, कारण तो आणि बाकीचे बरेच जण व्हॉडव्हिलच्या, म्हणजे टीव्हीआधीच्या नाट्यगृहांतल्या व्हरायटी शोंच्या, रंगमंचावर वाढलेले आणि तिथे विनोदी नटाचं अर्धं नशीब ड्रमवाल्याच्या हातात. सिड सीझर तर आधी सॅक्सोफोन वाजवायचा, न्यूयॉर्कजवळच्या कॅटस्किल्स डोंगरांतल्या हॉटेलांच्या बँडमध्ये. त्याचा आणि नॅनेट फॅब्रेचा नवरा-बायकोच्या भांडणाचा मूकाभिनय आहे, बेथोव्हनच्या पाचव्या सिंफनीवर, एक शब्द नाही. ज्याला बार मोजता येत नाहीत त्याला ते जमणारच नाही. बघा नक्की.

ओसरीवर

एकदम वाचून बिनचूक वाजवणं म्हटलं की मला आपले गोंयकार वादक आठवतात, चर्चच्या शाळेत लहानपणीच नोटेशन शिकलेले, त्यांच्याशिवाय मुंबईच्या फिल्म स्टुडिओत पान हलायचं नाही. त्यांचीही नावं पडद्यावर कुठे यायची.

खारेदाणे

ओसरीवर, त्यावर वेगळा धागा काढा ना प्लीज, इथे आलं की तीनशे प्रतिसाद फिल्मी होतील आणि मंद्रताईंची अस्वलं बिचारी चेंडूवरच राहतील.

शिकागोकाका

न दिसणाऱ्या ऑर्केस्ट्राचं चाललंय म्हणून दिसणाऱ्याचं सांगतो. लॉरेन्स वेल्क! आम्ही सत्तरच्या दशकात इकडे आलो तेव्हा शनिवारी संध्याकाळी घरमालकीण बाई टीव्हीसमोर बसायच्या आणि आम्हालाही बोलवायच्या. नॉर्थ डकोटाच्या जर्मन वस्तीतला माणूस, अकॉर्डियन वाजवायचा, इंग्रजी बोलताना जर्मन हेल कायमचा. आधी लॉस एंजेलिसच्या केटीएलए स्टेशनवर १९५१ पासून आणि मग २ जुलै १९५५ ला एबीसी नेटवर्कवर देशभर. साबणाचे फुगे सोडणारं मशीन आणि झुळझुळीत कपडे. तिथे ऑर्केस्ट्रा हाच शो, प्रत्येक वादकाचा चेहरा लोकांना ओळखीचा, बायका मायरन फ्लोरेन या अकॉर्डियनवाल्याला पत्रं पाठवायच्या. १९७१ ला एबीसीने काढून टाकला तर याने स्वतःच स्टेशनांना विकला आणि १९८२ पर्यंत चालवला. पीबीएस या सार्वजनिक वाहिनीवर पुनर्प्रक्षेपण पुढेही चालूच राहिलं. मी ज्या वृद्धाश्रमात स्वयंसेवक म्हणून जातो तिथे तो लागला की नर्सेसना उसंत मिळते.

ठोंब्या_०७

काका राग मानू नका पण वेल्क म्हणजे संगीतातला साबुदाण्याचा खीर प्रकार आहे, सगळं गुळगुळीत. गुडघा दिसला म्हणून १९५९ ला गायिकेला काढणारा माणूस तो.

शिकागोकाका

ठोंब्या, ॲलिस लॉनला काढलं ते खरंच आणि लोकांनी त्याला धारेवर धरलं हेही खरं. संगीत गुळगुळीत होतं, मान्य. पण बाकीचे बिग बँड (नाचाच्या संगीताचे मोठे वाद्यवृंद) रस्त्यावर येत होते तेव्हा याने सगळ्यांना कायमची नोकरी दिली. टॉमी आणि जिमी डॉर्सी या बँडवाल्या भावांसारखे दिग्गजसुद्धा विनोदी नट जॅकी ग्लीसनने 'स्टेज शो' दिला म्हणून टीव्हीवर टिकले, आणि तो १९५६ लाच संपला. त्याच वर्षी टॉमी गेला, पुढच्या वर्षी जिमी.

मंद्रसप्तक

त्या 'स्टेज शो'तच सगळ्या गोष्टीचा शेवट दिसतो बघा. २८ जानेवारी १९५६ ला एल्विस पहिल्यांदा देशभरच्या टीव्हीवर आला तो याच शोमध्ये. स्वतःची गिटार, बास, ड्रम घेऊन. ११ फेब्रुवारीला त्याने 'हार्टब्रेक हॉटेल' गायलं तेव्हा मात्र डॉर्सींचा ऑर्केस्ट्रा साथीला दिला, मध्ये चार्ली शेव्हर्सची ट्रम्पेट. शेव्हर्स काय दर्जाचा वादक! आणि तरी ते गाणं अक्षरशः पडतं. एल्विस एकीकडे आणि ब्रास (ट्रम्पेटसारखी पितळी वाद्यं) एकीकडे. मार्चमध्ये परत तेच गाणं ऑर्केस्ट्रा बाजूला ठेवून गायला आणि जमलं. लागोपाठ ऐकून बघा, वाजवणाऱ्यांचा दोष कुठेही नाही, पण त्या गाण्यात त्यांना जागाच नाहीये.

कॅसेटवाला

हेच 'युअर हिट परेड' या शोचं झालं. आठवड्याची टॉपची सात गाणी शोमधलेच गायक गाणार, गाणं तेच असलं तरी दर आठवड्याला नवीन देखावा. ऑर्केस्ट्रा रेमंड स्कॉटचा, आधी त्याचा भाऊ मार्क वॉर्नो होता, तो १९४९ ला वारला. हा स्कॉट भारी प्रकरण, त्याच्या धून वॉर्नर ब्रदर्सच्या कार्टूनमध्ये इतक्या वापरल्यात की नाव माहीत नसलं तरी 'पॉवरहाऊस' तुम्ही ऐकलंय, कारखान्याचं मशीन चालू झालं की वाजते ती. हिट परेड त्याच्यासाठी पोटापाण्याचं काम होतं, मिळालेला पैसा घरच्या इलेक्ट्रॉनिक वाद्यांच्या प्रयोगशाळेत जायचा. म्हणजे ऑर्केस्ट्रा चालवून ऑर्केस्ट्राची गरज संपवणारी मशिनं बनवत होता!

पण रॉक आल्यावर गाणं म्हणजे ते गाणं न राहता त्या माणसाने गायलेलं गाणं झालं. स्नूकी लॅन्सन हा सुटाबुटातला गायक 'हाउंड डॉग' गातोय हे कोण बघणार. १९५९ ला शो संपला.

गिरणगावकर

रॉकवर सगळं ढकलू नका. पैसा आणि टेप हेही आहे. ३० नोव्हेंबर १९५६ ला सीबीएसने पहिल्यांदा बातम्या व्हिडिओ टेपवरून दाखवल्या. एकदा टेप आली की चुकलं तर परत घेता येतं, दोन शो एका दिवसात उरकता येतात, गाणं आधी रेकॉर्ड करून नंतर नुसतं लावता येतं. म्हणजे पेट्रिलोला जी भीती होती तीच. शिवाय नेटवर्कांना कायमस्वरूपी पगारी वादक ठेवायला लागायचे, करारातच तसं होतं, आणि ती अट सुटत गेल्यावर एकेक कमी झाले. एनबीसीने तर १९५४ ला टोस्कानिनी निवृत्त झाल्याबरोबर त्याच्यासाठी उभा केलेला अख्खा सिंफनी ऑर्केस्ट्राच बंद केला. तिथे कुठे रॉक होतं?

मंद्रसप्तक

गिरणगावकर, पैशाचं पटतं पण टेपचं पूर्ण नाही. कॅरोल बर्नेटचा शो १९६७ ते ७८ टेपवरच होता आणि तरी ऑर्केस्ट्रा स्टुडिओत बसून वाजवायचा. टेप असूनही ठेवावासा वाटला तर ठेवला. ग्रुप स्वतःची वाद्यं घेऊन यायला लागले तेव्हा मात्र मुळातलं काम गेलं. ९ फेब्रुवारी १९६४ ला बीटल्स सलिव्हनकडे आले, सात कोटी तीस लाख लोकांनी बघितलं म्हणतात, आणि त्यांच्या गाण्यांना रे ब्लॉकच्या लोकांना हात लावायचं काही कारणच नव्हतं.

गिरणगावकर

हात लावायचं कारण नव्हतं पण पगार चालू होता, तो युनियनमुळे :)

निळूभाऊंची_नात

एक बाजू राहतेय. हे ऑर्केस्ट्रे जवळजवळ सगळे गोऱ्यांचे होते. लॉस एंजेलिसमध्ये तर युनियनच्याच दोन वेगळ्या शाखा, गोऱ्यांची ४७ आणि काळ्यांची ७६७, त्या १९५३ ला एकत्र झाल्या. त्यासाठी जे भांडले त्यात बडी कोलेट होता, सॅक्सोफोन, फ्लूट सगळं वाजवणारा. त्याला कंडक्टर जेरी फील्डिंगने विनोदी नट ग्राउचो मार्क्सच्या 'यू बेट युअर लाइफ'च्या ऑर्केस्ट्रात घेतलं, नेटवर्क टीव्हीच्या स्टुडिओ ऑर्केस्ट्रातला तो पहिला काळा वादक मानला जातो. पुढे फील्डिंगला संसदेच्या कम्युनिस्ट-शोध समितीने बोलावलं, त्याने उत्तरं द्यायला नकार दिला आणि १९५३ लाच त्याची नोकरी गेली. पेट्रिलो साहेबांची युनियन तेव्हा किती पाठीशी उभी राहिली हा प्रश्न गिरणगावकरांनी स्वतःला विचारावा.

आणि काळा गायक नॅट किंग कोल. त्याचा शो नोव्हेंबर १९५६ ते डिसेंबर १९५७, एनबीसी. मागे नेल्सन रिडलचा ऑर्केस्ट्रा, म्हणजे तेव्हाचं उत्तमातलं उत्तम. मोठमोठे पाहुणे युनियनच्या किमान दरात येऊन गेले, तरी देशभरासाठी एक प्रायोजक मिळाला नाही कारण दक्षिणेत माल खपणार नाही ही कंपन्यांची भीती. शेवटी त्याने स्वतःच बंद केला.

न्यूयॉर्कला एनबीसीच्या पगारी वादकांत पहिला काळा वादक क्लार्क टेरी, तोही १९६० च्या सुमारास, अर्बन लीग या काळ्यांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या संघटनेने दबाव आणल्यावर. मग जॉनी कार्सनच्या 'टुनाइट'च्या बँडमध्ये गाजला.

गिरणगावकर

निळूभाऊंची नात, मुद्दा बरोबर आहे. दोन शाखा ठेवणारी युनियन पोटाच्या लढाईत खरी असली तरी या बाबतीत लाजिरवाणीच.

कॅसेटवाला

युनियन सोडाच, मालकच खुर्चीवरून उठवायचा ते ऐका. रेडिओ-टीव्हीचा लोकप्रिय सूत्रधार आर्थर गॉडफ्रे याने १९ ऑक्टोबर १९५३ ला ज्युलियस ला रोसा या तरुण गायकाला कार्यक्रम चालू असताना, गाणं संपल्यावर, हवेवरच नारळ दिला. कारण काय तर पोराच्या अंगात नम्रता राहिली नाही. त्याच दिवशी त्याने कंडक्टर आर्ची ब्लायरलाही काढलं. ब्लायरने केडन्स नावाची रेकॉर्ड कंपनी काढली होती आणि गॉडफ्रेच्या प्रतिस्पर्ध्याची रेकॉर्ड केली होती म्हणून. लोकांना हे अजिबात आवडलं नाही, गॉडफ्रेची जी उतरण लागली ती लागलीच. ब्लायरचं मात्र भलं झालं, पुढे एव्हरली ब्रदर्स ही गाजलेली गायक जोडी त्याच्याच केडन्सवर.

ठोंब्या_०७

हे भारीये. पण मला एक सांगा, यूट्यूबवर हे सगळं इतकं चिरकं का ऐकू येतं? टोस्कानिनीच्या त्याच काळातल्या रेकॉर्डी कितीतरी बऱ्या आहेत.

कॅसेटवाला

कारण तू शो ऐकतच नाहीयेस, शोच्या फिल्मची कॉपी ऐकतोयस. किनेस्कोप म्हणायचे. टीव्हीच्या मॉनिटरसमोर फिल्मचा कॅमेरा लावून चित्र टिपायचं, आवाज त्याच फिल्मच्या कडेच्या चिंचोळ्या पट्टीवर. न्यूयॉर्क आणि मध्य-पश्चिम तारेने जोडले गेले जानेवारी १९४९ ला, पश्चिम किनारा सप्टेंबर १९५१ ला. तोवर कॅलिफोर्नियावाल्यांना पोस्टाने आलेली हीच फिल्म बघायला लागायची. टीव्हीचा आवाज खरं तर एफएमवर जायचा, स्टुडिओजवळच्या शहरात तो चांगला पोचायचा, फक्त सेटमधला स्पीकर एवढुसा. त्यामुळे १९५० ला न्यूयॉर्कच्या घरात ब्रास कसा ऐकू आला असेल ते आपल्याला कळायला मार्गच नाही.

आणि हे उरलंय तेही नशीब. ड्युमाँट नावाचं चौथं नेटवर्क १९५६ ला बंद पडलं, त्याच्या फिल्म सत्तरच्या दशकात न्यूयॉर्कच्या खाडीत बुडवल्या असं अभिनेत्री एडी ॲडम्सने १९९६ ला साक्षीत सांगितलं. ग्लीसन मोठा झाला तो 'कॅव्हलकेड ऑफ स्टार्स' तिथलाच, हेझल स्कॉटचा पियानोचा कार्यक्रम तिथलाच.

शिकागोकाका

हेझल स्कॉटचं नाव काढलंत ते बरं केलंत, तिलाही कम्युनिस्ट म्हणूनच घालवली, १९५० ला.

मास्तर, एक गंमत सांगायची राहिली. मिल्टन बर्लचा शो रॉकफेलर सेंटरच्या ६-बी स्टुडिओतून व्हायचा. तिथूनच कार्सन, १९७२ ला कॅलिफोर्नियाला जाईपर्यंत. मी कार्सन बघितला तो कॅलिफोर्नियातल्या बरबँकचाच, बँडप्रमुख डॉक सेव्हरिन्सनचे भडक कोट आणि प्रेक्षकांनी विचारलेलं कुठलंही गाणं वाजवून दाखवायचा तो खेळ, न आल्यास वादकांनी वेडंवाकडं काहीतरी ठोकून द्यायचं. आता त्याच ६-बी मध्ये जिमी फॅलन, आणि बँड द रूट्स, फिलाडेल्फियाची हिपहॉपची पोरं. पाहुणा येताना कोणतं गाणं वाजवायचं यात ते इतका चावटपणा करतात की रे ब्लॉकला झीट आली असती.

मंद्रसप्तक

झीट नसती आली काका. अस्वलं सांभाळलीत त्याने.

खारेदाणे

मास्तर, सुरुवात कुठून करू ते सांगा, आज रात्री बघणारे. एल्विसची दोन्ही आधी बघते.

पेटीमास्तर

एल्विस बघाच. मग सीझर-फॅब्रेचं भांडण, आणि सलिव्हनचा कुठलाही प्राण्यांचा खेळ चित्राकडे न बघता नुसता ऐका. एडी ॲडम्सच्या साक्षीबद्दल कॅसेटवाल्यांनी वेगळं लिहावं ही विनंती, तो स्वतंत्र धाग्याचा विषय आहे.